उंबरठेपंडित

मोबाइलवर राक्षस झुंजवण्याच्या खेळांनी समाजाला जे नवे मनुष्यनमुने दिले, त्यांपैकी ज्याची दखल सर्वांत कमी घेतली गेली आणि ज्याने इतरांच्या चुकांची दखल सर्वांत जास्त घेतली, तो नमुना म्हणजे उंबरठेपंडित होय. पोकेमॉन गो हा खेळ 2016 च्या डिसेंबरात भारतात रीतसर आला आणि पुण्यामुंबईच्या बागांत, तलावपाळ्यांवर व देवळांच्या आवारांत माणसे खाली मान घालून गटागटाने उभी दिसू लागली. या प्रत्येक गटापासून दोन पावले दूर, पॉवर बँकेची वायर खिशातून लोंबत ठेवून आणि ओठांतल्या ओठांत आकडेमोड करत जो उभा असतो, तो हाच. बाकीचे खेळत असतात आणि पंडित लेखापरीक्षण करत असतो.

त्याच्या विद्येचा विषय 'हानीचा उंबरठा' हा असून खेळाडूंच्या बोलीत त्याला 'ब्रेकपॉइंट' म्हणतात. एका राक्षसाने दुसऱ्यावर वार केला की समोरच्याचे किती प्राणगुण, म्हणजे किती 'एचपी', कमी व्हायचे हे एका सूत्राने ठरते: वाराची शक्ती आणि हल्लेखोराचे आक्रमण यांच्या गुणाकाराला प्रतिस्पर्ध्याच्या संरक्षणाने भागायचे, आलेल्या संख्येचे निम्मे करायचे, तिला जातीच्या अनुकूलतेचे व इतर गुणक लावायचे, मग दशांश चिन्हापुढचे सगळे छाटून टाकायचे आणि उरलेल्या पूर्णांकात 1 मिळवायचा. शेवटच्या त्या एकामुळे अगदी मरतुकड्या प्राण्याचाही वार फुकट जात नाही, आणि खेळ बनवणाऱ्यांच्या अंगी दया असल्याचा हा एकमेव पुरावा म्हणून पंडित तो नेहमी सांगतो. मात्र त्याचे खरे प्रेम आहे ते छाटणीवर. राक्षसाची ताकद अर्ध्या अर्ध्या पातळीने वाढवता येते, पण छाटणीमुळे ती वाढ दर वेळी वारात उतरत नाही. दहा पायऱ्या चढूनही वार जागचा हलत नाही आणि अकराव्या पायरीवर तो अचानक एका गुणाने वाढतो. ही अकरावी पायरी म्हणजे उंबरठा.

मागच्या पिढ्यांनी पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी आणि दिडकी पाठ केली ती अपूर्णांकाचा मान राखण्यासाठी, कारण पाव आणा हादेखील आणाच असे त्या काळचे व्यवहारज्ञान सांगत असे. या खेळाच्या दरबारात पावकीला किंमत नाही. 19.93 आले काय आणि 19.01 आले काय, दोघांनाही 19 वरच बसवले जाते. शालान्त परीक्षेत 34 गुण मिळवणाऱ्याला जशी वागणूक मिळते, तशीच ही. 35 व्या गुणाने घराची अब्रू वाचते आणि 36 व्याने काहीच होत नाही हे सत्य मराठी घरांना फार पूर्वीपासून ठाऊक असल्यामुळे, ब्रेकपॉइंटची कल्पना समजायला इथल्या मुलांना जड गेली नसावी असे मानायला जागा आहे.

पंडिताला उदाहरण विचारण्याची चूक कोणी केलीच, तर तो 2019 च्या नियमांप्रमाणे पुढील उदाहरण देतो, आणि ते दिल्याशिवाय समोरच्याला घरी जाऊ देत नाही. माचॅम्प हा चार हातांचा पैलवान आणि टायरानिटार हा खडकाळ अंगाचा महाकाय राक्षस. पहिल्याची जात मल्लाची, दुसऱ्याच्या दोन जाती, खडक आणि अंधार. या दोन्ही जाती मल्लापुढे दुबळ्या असल्यामुळे 1.6 हा गुणक दोनदा लागून 2.56 होतो, आणि वार स्वतःच्या जातीचा असल्याबद्दल 1.2 पट आणखी मिळते. 'काउंटर' या साध्या वाराची शक्ती 12. जन्मतः निर्दोष आक्रमणाचा माचॅम्प 30 व्या पातळीवर असताना त्याच्या प्रत्येक वाराने टायरानिटारचे 20 प्राणगुण जातात. त्याला 35 व्या पातळीपर्यंत नेले तरी ते 20 च जातात, कारण हिशोब 19.93 वर अडतो. आणखी अर्धी पातळी चढवली की हिशोब 20 च्या केसभर पुढे सरकतो आणि वार 21 चा होतो. तिथून 40 व्या पातळीपर्यंत, म्हणजे त्या काळच्या कमाल मर्यादेपर्यंत, तो 21 चाच राहतो.

आता या प्रवासाचा खर्च. ताकद वाढवण्याचे चलन म्हणजे स्टारडस्ट, अर्थात ताऱ्यांची धूळ, आणि एक साधा, उत्क्रांत न झालेला प्राणी पकडला की ती 100 मिळते. 30 व्या पातळीपासून 40 व्या पातळीपर्यंत 1,50,000 स्टारडस्ट लागते. त्यांपैकी 70,000 उंबरठ्यापर्यंत आणि उरलेली 80,000 त्याच्या पलीकडे, जिथे या विशिष्ट शत्रूपुढे या वाराच्या बाबतीत काहीही घडत नाही. 80,000 म्हणजे 800 प्राणी पकडण्याची मजुरी. हा आकडा उच्चारताना पंडिताचा आवाज खाली येतो आणि चेहऱ्यावर, लग्नात वाया गेलेल्या जिलब्यांचे ताट पाहिल्यासारखा भाव उमटतो.

येथे एक गोष्ट नमूद करणे भाग आहे, जी पंडित स्वतः सांगत नाही. त्या काळी टायरानिटारसारख्या चौथ्या श्रेणीच्या राक्षसाला 'रेड'मध्ये, म्हणजे अनेकांनी मिळून करायच्या झुंजीत, 9000 प्राणगुण असत आणि त्याला पाडायला 180 सेकंद मिळत. काउंटरचा एक वार 0.9 सेकंदाचा, म्हणजे मोठा वार न सोडता, मार न चुकवता आणि मध्येच फोन न येता अखंड बोट चालवले, तरी 200 वार होतात, आणि प्रत्येकी एक गुण जास्त धरून उंबरठा ओलांडल्याचा एकूण लाभ 200 प्राणगुणांचा, म्हणजे शेकडा सव्वादोनपेक्षाही थोडा कमी. एकट्याने किंवा दोघांनी झुंजायचे असेल तर शेवटच्या चार सेकंदांत हे सव्वादोन टक्के कामी येतात, हे प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. पण बागेत बारा जण जमलेले असतात, आणि बारा जणांपुढे तो राक्षस कोणाचा वार 20 चा आणि कोणाचा 21 चा याची चौकशी करण्याइतका वेळ उभा राहत नाही.

उंबरठ्याचे शास्त्र एवढ्यावर थांबले असते तर पंडिताच्या घरच्यांना थोडी उसंत मिळाली असती. परंतु प्रत्येक शत्रूचे संरक्षण वेगळे असल्यामुळे प्रत्येकापुढचा उंबरठाही वेगळा, आणि रेडमधले शत्रू सतत बदलत असल्यामुळे पंडिताच्या कोष्टकांना पंचांगासारखी दर वेळी नवी आवृत्ती काढावी लागते. त्यात 2017 च्या डिसेंबरपासून खेळात हवामान आले. खऱ्या आकाशात पाऊस असला की पाणी, वीज आणि कीटक या जातींचे वार 1.2 पट होतात, आणि ढगाळ असले की मल्लांचे; परिणामी एक ढग बाजूला सरकला तरी रात्रभर जागून काढलेले उंबरठे कोसळतात. आषाढात आकाशाकडे डोळे लावून बसणारे महाराष्ट्रात दोघेच, शेतकरी आणि हा, आणि पाऊस पडला की छत्री विसरून टाळ्या वाजवणारा त्यांतला दुसरा.

2018 च्या जूनमध्ये खेळात मैत्रीही आली आणि पंडिताने तीही गुणकात बसवली. रेडमध्ये सोबत लढणाऱ्याशी असलेल्या मैत्रीच्या पायरीनुसार आक्रमणाला त्या वेळी 3, 5, 7 किंवा 10 टक्के बढती मिळे, आणि सर्वोच्च पायरी गाठायला 90 दिवस रोज काहीतरी देवाणघेवाण करावी लागे. पंडिताचे अनेक परममित्र आहेत. त्यांतल्या एकाचेही खरे नाव त्याला ठाऊक नाही, पण कोणाचे किती दिवस उरले आहेत हे तो झोपेतून उठवले तरी सांगतो. शाळेतला बालमित्र खेळत नसल्यामुळे त्याचा गुणक 1.0 धरला जातो आणि त्याच्या फोनला त्या मानाने उत्तर मिळते.

राक्षसांच्या जन्मजात गुणांकडे, ज्यांना खेळाडू 'आयव्ही' म्हणतात, पाहण्याची पंडिताची दृष्टी एखाद्या वधूपित्यालाही मागे टाकील. आक्रमण, संरक्षण आणि दम या तिन्हींना प्रत्येकी 0 ते 15 असे गुण असतात. पत्रिकेत 36 गुण जुळवायचे असतात, येथे 45. सामान्य माणसाला 45 पैकी 45 मिळाले की तो पेढे वाटायला निघतो. पंडित मात्र 'ग्रेट लीग' या, 1500 च्या ताकदमर्यादेत खेळल्या जाणाऱ्या द्वंद्वस्पर्धेचा दाखला देऊन त्याला थांबवतो. ताकदीचा आकडा काढताना आक्रमण पुरतेपूर धरले जाते, पण संरक्षण आणि दम यांची वर्गमुळे घेतली जातात, त्यामुळे आक्रमणात शून्य आणि बाकी दोन्हींत 15 असलेला प्राणी त्याच मर्यादेत अधिक वरच्या पातळीवर नेता येतो आणि अधिक काळ टिकतो. म्हणजे जे स्थळ सगळ्यांनी नाकारले, तेच पंडित आनंदाने पदरात घेतो. याच क्षेत्रात उलट्या दिशेचा उंबरठाही भेटतो, त्याला 'बल्कपॉइंट' म्हणतात. आपले संरक्षण एवढे वाढवायचे की समोरच्याचा वार एका गुणाने घटावा. जिथे वार मुळातच 4 चा असतो तिथे तो 3 वर आणणे म्हणजे पाव हिस्सा मार वाचवणे, आणि पावकीला एवढा भाव या खेळात दुसरीकडे कुठेच मिळत नाही.

घरी या माणसाचे वर्तन सुसंगत असते, आणि तेच घरच्यांचे गाऱ्हाणे आहे. वीजबिलात 100 युनिटनंतर दर चढतो हे कळल्यापासून महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात तो मीटरसमोर उभा राहून "अजून चार आहेत" असे पुटपुटतो, आणि 101 वे युनिट पडल्यावर मात्र "आता लावा गीझर, काही फरक नाही" असे जाहीर करतो. त्याची आई त्याला समजावायचे सोडून केव्हाच देवघराकडे वळली आहे. उंबरठ्यावर राक्षस मारण्याची कथा तिलाही माहीत आहे, पण नरसिंहाने हिरण्यकशिपूला तिथे धरले ते वराच्या अटींतून वाट काढण्यासाठी. त्याआधी त्याने कोष्टक केल्याचे कोणत्याही पुराणात आढळत नाही.

पंडिताचा खरा प्रतिपक्ष म्हणजे त्याच गटातल्या काकू. काकू निवृत्त आहेत, पायात कापडी बूट घालून संध्याकाळी फिरायला येतात, आणि जो प्राणी दिसायला गोड त्याला हातातली सगळी स्टारडस्ट घालून मोठे करतात. मल्लाची गरज असताना त्या पाण्यातले कासव उतरवतात. "काकू, याचा एकही ब्रेकपॉइंट लागत नाही इथे," असे पंडित कळवळून सांगतो आणि काकू म्हणतात, "असू दे रे, त्याला पण खेळायचं असतं." राक्षस पडतो. त्यानंतर प्रत्येकाला चेंडू टाकून तो पकडण्याची स्वतंत्र संधी मिळते आणि तिथे सूत्र असले तरी उंबरठा नसतो; निव्वळ शक्यतेचा कारभार असतो, आणि बहुतेक पौराणिक राक्षसांच्या बाबतीत मुळातला संभव एका चेंडूमागे अवघा 2 टक्के. पंडित बेरीची निवड, वर्तुळाचा आकार आणि चेंडूचा वळसा यांचा विचार करून शेवटचा चेंडू टाकतो व राक्षस पळून जातो. काकूंचा दुसऱ्याच चेंडूत सापडलेला असतो, आणि त्याचा रंग इतरांपेक्षा वेगळा का, असे त्या सगळ्यांना विचारत फिरत असतात.

नियम बदलणे ही या माणसावर कोसळणारी खरी आपत्ती. 2018 च्या अखेरीस अनुकूल जातीचा गुणक 1.4 वरून 1.6 झाला आणि त्याची तोवरची वही एका रात्रीत रद्दी झाली. 2020 च्या अखेरीस कमाल पातळी 40 वरून 50 वर गेली. वरच्या दहा पातळ्यांसाठी राक्षसामागे आणखी 2,50,000 स्टारडस्ट लागणार आणि आक्रमण वाढणार ते साधारण सव्वासहा टक्के. बाकीच्या खेळाडूंनी त्या दिवशी आनंदाने साठे रिकामे केले. पंडिताने नवी वही आणली.

या सर्व व्यासंगाला युद्धशास्त्र म्हणण्याचा प्रघात असला तरी ते बारकाईने पाहता काटकसरीचे शास्त्र आहे. वार कुठे वाढतो यापेक्षा खर्च कुठे थांबवायचा हे त्यात शिकवले जाते, आणि थांबण्याचे कारण तर प्रत्येक पायरीवर सापडते. आज शत्रू चुकीचा, उद्या हवामान चुकीचे, परवा नियम बदलण्याची कुणकुण. म्हणून बागेतल्या सर्वांत जाणत्या खेळाडूचा माचॅम्प अजून 35.5 व्या पातळीवर उभा आहे आणि खात्यात चाळीस लाख स्टारडस्ट पडून आहे. तिच्यावर व्याज मिळत नाही आणि ती दुसऱ्या कोणाच्या नावेही करता येत नाही.