अर्धा सामना पुढे

एकशे सहा सामने जिंकूनही पदरात दुसरा नंबर पडावा, यात दैवाचा काहीतरी खट्याळपणा आहे. आणि तो दैवाने माझ्या मेहुण्याशी केला, याचा मला आजही आनंद आहे. २०२१च्या बेसबॉल हंगामात लॉस एंजेलिस डॉजर्सनी १६२पैकी १०६ सामने जिंकले. आम्ही १०७ जिंकले. आम्ही म्हणजे सॅन फ्रान्सिस्को जायंट्स. मी त्यांच्यासाठी धावलो नाही की एक झेल घेतला नाही, पण बे एरियात जो घरभाडं भरतो त्याला 'आम्ही' म्हणण्याचा हक्क त्या भाड्यातच धरलेला असतो.

मेहुणा अर्व्हाइनला असतो. बायकोचा धाकटा भाऊ, मूळचा सांगलीचा, स्वभावाने लाघवी, पगाराने माझ्याहून वरचढ आणि डॉजर्सचा कट्टर. आधीची सलग आठ वर्षं नॅशनल लीगच्या पश्चिम विभागाचं विजेतेपद डॉजर्सच्याच घरी होतं. २०२०ची वर्ल्ड सिरीजही त्यांनीच मारलेली. त्यामुळे हंगामाच्या तोंडावर त्याचा फोन आला त्यात चुरस नव्हतीच, दया होती. "दाजी, यंदा आमची टक्कर सॅन डिएगोशी. तुमचं काय खरं नाही बघा."

त्याचं तरी काय चुकलं? संगणकावर भाकितं करणारी मंडळी जायंट्सना पंचाहत्तरच्या आसपास विजय देत होती. संघाचा कणा म्हणजे बस्टर पोझी आणि ब्रँडन क्रॉफर्ड, दोघेही चौतिशीचे. ब्रँडन बेल्ट तेहतिशीचा. इव्हान लाँगोरिया पस्तिशीचा. पोझीने आदला हंगाम करोनाच्या धास्तीने, नुकत्या दत्तक घेतलेल्या जुळ्या मुलींपायी घरीच काढलेला. या वयात सकाळी मोजे घालताना माणसाच्या तोंडून काय काय आवाज निघतात हे मला ठाऊक होतं. पण ही मंडळी उठली आणि चेंडू कुंपणाबाहेर भिरकावू लागली. हंगाम संपला तेव्हा २४१ होम रन झाले होते. न्यूयॉर्कपासूनच्या सव्वाशेहून अधिक वर्षांच्या इतिहासात या संघाला एका मोसमात इतके कधी जमले नव्हते.

संघ बांधणारा फरहान झैदी. पाकिस्तानी वंशाच्या घरातला, फिलिपिन्समध्ये वाढलेला, बर्कलीहून अर्थशास्त्रात डॉक्टरेट केलेला. जायंट्सकडे येण्याआधी हाच गृहस्थ डॉजर्सचा जनरल मॅनेजर होता. पण या दोन संघांत हे असंच चालायचं, कारण मुळात ही भावकी आहे. दोघेही न्यूयॉर्कचे. १९५७चा हंगाम संपल्यावर दोघांनी एकाच वेळी बाडबिस्तरा आवळला आणि पार दुसऱ्या समुद्राच्या काठाला येऊन राहिले. गाव सुटलं, शेत सुटलं. बांधाचं भांडण तेवढं सामानात जपून आणलं.

आमचे बाबा पुण्यात. जिल्हा परिषदेच्या हिशेब खात्यातून निवृत्त झालेले. त्या वर्षी करोनामुळे त्यांना इकडे येता येईना, तेव्हा त्यांनी जायंट्सनाच पुण्यात बोलावून घेतलं. इथला संध्याकाळी पावणेसातचा सामना तिकडे सकाळी सव्वासातला लागतो, म्हणजे बरोबर चहाच्या दुसऱ्या कपाला. खेळाचे नियम त्यांनी कधी विचारले नाहीत. त्यांना फक्त गुणतक्ता लागायचा.

"शेवटच्या रकान्यात 'अर्धा' लिहिलंय," जूनमध्ये कधीतरी त्यांनी विचारलं. "सामना अर्धा कसा असतो रे?"

मी समजावू लागलो. रोज दोघांचे सामने सारखे झालेले असतातच असं नाही. कुणाचा पाऊस पडून राहतो, कुणाला सुट्टी असते. म्हणून दोघांच्या विजयांतला फरक घ्यायचा, पराभवांतला फरक घ्यायचा, बेरीज करायची आणि दोनाने भागायचं.

"म्हणजे आपण जिंकलो की अर्धा आपला. आणि ते हरले की उरलेला अर्धा."

"हो."

"मग सरळ तसं सांग ना!"

बाबांनी सरळ सांगितलं तेव्हा त्यातली मेख माझ्या ध्यानात आली. आपल्या विजयाची किंमत अर्धीच. जायंट्सनी संध्याकाळी एखाद्याला दहा धावांनी लोळवावं, आपण बायकोला टाळी द्यावी, आणि रात्री दहाला डॉजर्सही जिंकावेत, की तक्त्यातला आकडा जागचा हलत नाही. दिवस फुकट. पुरा सामना पदरात पडायचा तर दुसऱ्याचं वाईट व्हावंच लागतं. हा बेसबॉलच्या तक्त्याचा साधा हिशेब आहे आणि त्याने मी मी म्हणणारी सज्जन माणसं नासतात. माझ्या घरी टीव्हीवर आमचा सामना असायचा आणि मांडीवरच्या फोनवर त्यांचा, आणि नजर जास्त कुठे असायची हे सांगायला नको. ॲरिझोनाचा डायमंडबॅक्स हा संघ त्या साली ११० सामने हरला. जगात त्यांच्यासाठी कळवळून देव पाण्यात घालणारा मराठी माणूस बहुधा मीच. अर्थात ते डॉजर्सशी खेळत असतील तेवढ्यापुरताच. आमच्याशी खेळताना त्यांनी रीतसर हरावं, ही अपेक्षा होतीच.

शिवाय हे रोजचं. क्रिकेटवर वाढलेल्या माणसाला हे सांगून पटत नाही. आपल्याकडे पराभवानंतर चार दिवस सुतक पाळायला मिळतं, गल्लीत चर्चा होते, कुणाला काढावं याची यादी होते. इथे सहा महिन्यांत १६२ सामने. आज हरल्याचं दुःख नीट बसतंय न बसतंय तोवर उद्याचा पहिला चेंडू पडलेला असतो. त्यात आमचा लमाँट वेड! हा गडी आठ इनिंग्ज निवांत असायचा आणि नवव्या इनिंगमध्ये, सामना हातचा गेला म्हणून मी दिवे मालवायला उठलो, की नेमका तेव्हाच मारायचा. त्याचं नावच 'लेट नाइट लमाँट' पडलं. जागरणाने माझे डोळे सुजायचे आणि सकाळच्या मीटिंगमध्ये मॅनेजर विचारायचा, घरी सगळं ठीक ना? मी म्हणायचो, दीड सामना पुढे आहोत.

सप्टेंबरच्या पहिल्या शनिवार-रविवारी मेहुणा आमच्याकडे आला. लेबर डेची सुट्टी होती, पण तो सुट्टीसाठी आला नव्हता. ओरॅकल पार्कवर डॉजर्सशी तीन सामने होते. शुक्रवारी आम्ही अकराव्या इनिंगमध्ये जिंकलो, शनिवारी ते जिंकले, आणि १३६ सामन्यांनंतर दोघांची पाटी अक्षरशः एक झाली: ८६ विजय, ५० पराभव. रविवारी रात्री आम्ही तिघं स्टेडियममध्ये. मेहुणा निळ्या जर्सीत, मी नारिंगी-काळ्या, आणि मधल्या खुर्चीत बायको. तिने दोघांनाही बजावलं होतं की शिव्या मराठीत द्यायच्या नाहीत, आजूबाजूला आपली माणसं असतात.

ओरॅकल पार्क ज्याने खाडीला खेटून बांधलं त्याने थंडीचा विचार मुळीच केला नव्हता. वारा थेट पाण्यावरून येतो. त्यावर उतारा म्हणून तिथे लसूण घातलेले फ्राइज मिळतात. लसूण म्हणजे वासापुरता नव्हे. बोटांना दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत पुरेल एवढा, बारीक चिरलेला, तेलकट, वर कोथिंबिरीचा चुलतभाऊ असलेला तो पार्सलीचा पाला. उजव्या कुंपणापलीकडे पाण्यात हौशी लोक होड्या घेऊन चेंडूची वाट बघत वल्ही मारत असतात. आणि सामना संपत आला की सीगल येतात. त्यांना वेळ कशी कळते देव जाणे. मैदानावर घिरट्या घालत, लोक उठण्याची आणि फ्राइज उरण्याची वाट बघतात.

वॉकर ब्यूलर हा त्यांचा त्या मोसमातला हुकमी पिचर. आमच्या म्हाताऱ्यांनी त्याला तीन इनिंग्जमध्ये सहा धावा चोपल्या. स्टेडियमभर माणसं 'बीट एल ए' म्हणून ओरडत होती. मेहुणा गप्प होता. त्याच्या मांडीवरचे फ्राइज थंड झाले. "खा ना," मी म्हणालो. "नको, ॲसिडिटी हाय," तो म्हणाला. सांगलीत जन्मलेल्या माणसाने लसणाने ॲसिडिटी होते म्हणावं, यापुढे काही बोलण्यासारखं उरत नाही. आम्ही ६-४ जिंकलो. एक सामना पुढे.

आणि आता खरी गंमत. त्या रात्रीनंतर दोघांचेही पंचवीस-पंचवीस सामने उरले होते. त्यांत जायंट्सनी वीस जिंकले, पाच हरले. डॉजर्सनीही वीस जिंकले, पाच हरले. म्हणजे चार आठवडे ज्यासाठी नखं खाल्ली, जेवताना फोन ताटाशी ठेवला, गणपतीत आरतीच्या मधेच स्कोअर बघून बायकोचा जळजळीत कटाक्ष सोसला, त्या चार आठवड्यांत तक्ता होता तिथेच येऊन थांबला. त्याच दिवसांत शिकागोला बेल्टने जर्सीवर चिकटपट्टीने 'सी' हे अक्षर चिकटवून स्वतःच स्वतःला कॅप्टन जाहीर केलं. कुणी निवडलं नाही, कुणी विचारलं नाही. आमच्या सोसायटीतही असाच एक चेअरमन होऊन गेला, पण त्याच्या काळात पाणीसुद्धा नीट आलं नाही. बेल्टच्या काळात संघ जिंकत सुटला. पुढे हंगामाला जेमतेम आठवडा उरला असताना, बंट करायला बॅट आडवी धरली तर चेंडू अंगठ्यावर बसून त्याचं हाड मोडलं. कॅप्टनकी गेली.

शेवटच्या शनिवारी आम्ही हरलो, ते जिंकले. म्हणजे सगळं १६२व्या सामन्यावर, रविवार ३ ऑक्टोबरवर आलं. आम्ही हरलो आणि ते जिंकले तर बरोबरी, आणि सोमवारी आणखी एक सामना.

या दोन घराण्यांच्या पंचांगात ३ ऑक्टोबर ही तारीख साधी नाही. १९५१ साली, ऑगस्टात साडेतेरा सामने मागे असलेल्या जायंट्सनी डॉजर्सना गाठलं आणि ३ ऑक्टोबरला बॉबी थॉमसनच्या होम रनने संपवलं. (स्वतःच्या मैदानात दुर्बीण लावून जायंट्स समोरच्या कॅचरच्या खुणा चोरत होते, हे पुढे बाहेर आलं. मेहुणा हा विषय काढतोच. मी म्हणतो, भावकीत कागदपत्रं उकरू नयेत.) १९६२ला पुन्हा बरोबरी, पुन्हा तीन सामन्यांचा निकाल, ३ ऑक्टोबरला आम्ही जिंकलो. १९८२ला डॉजर्सनी शनिवारी आमचं देऊळ पाण्यात बुडवलं. मग रविवारी, ३ ऑक्टोबरला, जो मॉर्गनने होम रन मारून त्यांचंही बुडवलं. आम्हाला मिळालं शून्य, पण समाधान असं की त्याला तोड नाही. १९९३ला आम्ही १०३ सामने जिंकून अटलांटाच्या बरोबरीत होतो. ३ ऑक्टोबरला डॉजर्सनी आम्हाला १२-१ असं धुतलं, अटलांटा १०४वर गेले आणि आम्ही घरी. अटलांटा तेव्हा पश्चिम विभागात होतं. अमेरिकेचा नकाशा ज्याने पाहिलाय त्याने याचा विचार करू नये.

बाबांना मी हे सगळं सांगितलं. ते म्हणाले, "यंदा त्यात पितृपक्ष आहे. शुभकार्य होत नाही."

"शुभकार्य कुठंय बाबा, भावकीची वाटणी आहे."

"मग चालेल," म्हणाले. सगळ्या संघांचे सामने जवळपास एकाच वेळी, दुपारी बारा वाजून पाच मिनिटांच्या सुमारास सुरू झाले. पुण्यात रात्रीचे बारा पस्तीस. बाबा जागे होते, आई तक्रार करत जागी होती. आमचा पिचर लोगन वेब, सबंध कारकिर्दीत एकही होम रन नसलेला, त्या दिवशी बॅट घेऊन उभा राहिला आणि त्याने चेंडू प्रेक्षकांत टाकला. नॅशनल लीगमध्ये पिचरांनी बॅट धरायची सक्ती असलेलं ते शेवटचं वर्ष. पुढल्या वर्षी नियम बदलला. ११-४. तिकडे डॉजर्सही जिंकलेच होते. त्यांनी आपल्याकडून शेवटपर्यंत काही कमी केलं नाही, हे मानायला हवं. निदान आता मानायला हरकत नाही.

१०६ सामने जिंकूनही विभागात दुसऱ्या आलेल्या डॉजर्सना मग तेव्हाच्या नियमाप्रमाणे सेंट लुईसशी एका सामन्याचा जुगार खेळावा लागला, तोही सर्वपित्रीला. क्रिस टेलरने नवव्या इनिंगमध्ये होम रन मारून त्यांचं पान वाचवलं. आणि मग पाच सामन्यांच्या फेरीत समोर कोण, तर आम्हीच.

२-२ अशी बरोबरी होऊन पाचवा सामना आला १४ ऑक्टोबरला, खंडेनवमीला. नवव्या इनिंगमध्ये डॉजर्सनी २-१ केले. आमचे दोन गडी बाद, एक बेसवर, विल्मर फ्लोरेस बॅटिंगला, दोन स्ट्राइक्स. मॅक्स शर्झरने चेंडू टाकला. फ्लोरेसने बॅट उगारली आणि आवरली. पहिल्या बेसवरच्या अंपायरने हात वर केला: बॅट फिरली, बाद. हंगाम संपला. बॅट फिरली नव्हती. टीव्हीने शंभरदा दाखवलं, पण हा निर्णय टीव्हीवर बघून बदलायची सोयच नियमात नाही.

मेहुण्याने लगेच जुलैची आठवण काढली. २२ जुलैला लॉस एंजेलिसमध्ये, नवव्या इनिंगमध्येच, आमच्या डॅरिन रफने अशीच बॅट आवरली. अंपायर म्हणाला, फिरली नाही. बरोबरीची धाव चालत घरी आली, आणि आम्ही ५-३ जिंकलो. त्यांचा मॅनेजर भांडून मैदानाबाहेर हाकलला गेला. मेहुण्याचं म्हणणं, फिटंफाट झाली. माझं म्हणणं, जुलैतला अंपायर विद्वान होता. त्याची नजर, त्याचा निर्धार, काय सांगावं.

डॉजर्स पुढे अटलांटाशी भिडले. आख्ख्या हंगामात जेमतेम ८८ सामने जिंकलेला संघ, पण आपल्या विभागात पहिला. बाबांना हे बिलकुल पटेना. "एकशे सातवाले घरी, एकशे सहावाले दमलेले आणि अठ्ठ्याऐंशीवाले पुढे? हे बिल माझ्या टेबलावर आलं असतं तर मी पास केलं नसतं." तरी पास झालं. २३ ऑक्टोबरला अटलांटाने डॉजर्सना घरी पाठवलं, आणि पुढे धनत्रयोदशीला वर्ल्ड सिरीजही नेली.

२३च्या रात्री मी मेहुण्याला फोन लावला. अशा वेळी नात्यातल्या माणसाने विचारपूस करायची असते. फार वाईट झालं म्हणालो, पोरं काय जीव तोडून खेळली म्हणालो, शर्झरचा दंड दुखावला नसता तर गोष्ट वेगळी होती असंही म्हणालो. बायको समोरून हातानेच पुरे, पुरे करत होती.

मेहुणा थोडा वेळ गप्प राहिला.

"दाजी," तो म्हणाला, "आज आवाज लई गोड येतोय तुमचा."