पेटी नाही, म्हणून पिंजरा

कारखान्याच्या गेटवर पोलिसांचा पिंजरा दिसला की आत चोर सापडला असेल असं समजू नका. आत दुसरी युनियन सापडलेली असते.

एका गेटवर दोन बोर्ड लागले की तिसरा लागतो तो बंदोबस्त. दोन्हीकडचे नेते कामगारांच्या भल्यासाठी एकमेकांची डोकी फोडायला निघतात आणि ज्याचं भलं व्हायचं असतं तो डबा छातीशी धरून हवालदाराच्या आडोशाने पाळीवर जातो. पोलीस ठाण्यात दोन अर्ज येतात. मजकूर एकच, फक्त ‘आमचे’ आणि ‘त्यांचे’ यांची अदलाबदल. तिसरा अर्ज मालकाचा. तो वरच्या फायलीत असतो.

भांडण काय, तर माणसं कोणाकडे जास्त. हे कळायला कामगारांनाच विचारावं, असं तुम्हाला वाटेल. आपल्याकडे पावतीपुस्तकाला विचारतात. 1946च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याने पंचवीस टक्के सभासद दाखवणाऱ्या युनियनला त्या भागातल्या अख्ख्या उद्योगाच्या वतीने बोलायचा मान दिला. उरलेले पंचाहत्तर टक्के बहुधा ऐकायला होते. मुंबईच्या कापड गिरण्यांत हा मान राष्ट्रीय मिल मजदूर संघाचा. 18 जानेवारी 1982ला सुमारे अडीच लाख गिरणी कामगार दत्ता सामंतांच्या मागे संपावर गेले, तेव्हाही कागदोपत्री त्यांचा प्रतिनिधी संघच होता. म्हणजे माणसं रस्त्यावर एकाची, खुर्ची आत दुसऱ्याची. हा कायदाच रद्द करा, अशी सामंतांची मागणी होती. सरकारला तेव्हा पेटी आणून मतदान घेता आलं असतं. सरकारने पिंजरा आणला आणि कामावर परतणाऱ्यांना बंदोबस्तात गिरणीत पोचवलं. तो संप अधिकृतपणे आजवर कोणी मागे घेतलेला नाही. गिरण्यांनीच जागा सोडली.

पण खरी गंमत त्याच वर्षीच्या ऑगस्टमधली. गिरण्यांच्या गेटवर उभं राहून राहून मुंबईच्या पोलिसांना आपलंही दुखणं आठवलं. त्यांचीही संघटना होती, मागण्या होत्या. 18 ऑगस्टला पोलीसच रस्त्यावर उतरले, शहर पेटलं, गिरणी कामगारही त्यात मिसळले. मग पोलिसांपासून संरक्षण देण्यासाठी बाहेरून फौजफाटा मागवावा लागला. पोलिसांच्या संघटनेची मान्यता गेली. 1966च्या केंद्रीय कायद्याने पोलिसाला सरकारच्या परवानगीशिवाय युनियनमध्ये जाता येत नाहीच. तेव्हा गेटवरचं चित्र असं, की ज्यांना दोन-दोन युनियन आहेत त्यांचं रक्षण ज्याला एकही नाही तो करतो. बारा-बारा तास, ओव्हरटाइमचं नाव न काढता.

टक्क्यांची हौस मात्र फिटलेली नाही. 1971च्या महाराष्ट्राच्या कायद्यात मान्यतेसाठी तीस टक्के झाले, नव्या औद्योगिक संबंध संहितेत एक्कावन्न. तेवढे कोणाकडेच नसले तर वीस-वीस टक्केवाल्यांची वाटाघाटी परिषद. आणि हे टक्के पडताळायचे कसे? ते नियमांत बघा, असं संहिता सांगते. सर्वोच्च न्यायालयाने भारतीय अन्न महामंडळाच्या प्रकरणात 1995 सालीच गुप्त मतदानाची रीत घालून दिली होती. पण गुप्त मतदानाला नेते बिचकतात. पावती दमदाटी करून फाडता येते, पडद्यामागच्या मताला कोणत्या गल्लीत गाठणार? मालकही बिचकतो. कामगारांची एकच खरी युनियन ठरली तर तिच्याशी खरोखर बोलावं लागेल.

आता आपल्या ओळखीच्या कुठल्याही कारखान्यात डोकावा. तिथे कामगारांची पतपेढी असते. तिच्या संचालकांची निवडणूक होते. उमेदवार तेच, मतदार तेच, नेत्यांची चिडकी तोंडंही तीच. कँटीनमध्ये पत्र्याची पेटी ठेवतात, संध्याकाळी मोजतात, हरलेला गट दोन दिवस जिंकलेल्यांचा चहा पीत नाही, आणि संपलं. कर्ज कोणी मंजूर करायचं हे ठरवायला पेटी चालते, पगार कोणी ठरवायचा म्हटलं की लाठी लागते.

पतपेढीच्या त्या निवडणुकीलाही बंदोबस्त असतो म्हणा. एक हवालदार. पेटीशेजारी खुर्ची टाकून, टोपी मांडीवर घेऊन, निवांत पेंगत असतो.