अर्ध्या घराची वास्तुशांत

वास्तुशांतीचं जेवण उरकलं, की पाहुण्यांची घरतपासणी सुरू होते. कुणी नळ सोडून पाण्याचा जोर पाहतं, कुणी अनवाणी पायानं फरशीचा गारवा अजमावतं, एखादे अनुभवी काका बोटाच्या पेरानं भिंतीवर टकटक करून आत वीट आहे की ब्लॉक, याचा निकाल देऊन टाकतात. साताऱ्यात गॅलरीतून अजिंक्यतारा दिसतो का, हे विचारलं जातं. सांगलीत २०१९ ला पुराचं पाणी कुठवर आलं होतं, हे. माझं माहेर साताऱ्याचं आणि सासर सांगलीचं, त्यामुळे हे दोन्ही प्रश्न मला पाठ आहेत. मग पानाचा डबा फिरतो, आवाज जरासा खाली येतो आणि दोन्ही गावांत सारखाच असणारा तिसरा प्रश्न येतो : “हप्ता किती बसतो?” यजमान “एकवीस-बावीस” म्हणतात. ‘हजार’ कुणीच म्हणत नाही. म्हटलं तर दृष्ट लागेल, अशी बहुधा भीती असावी. सगळे समजूतदारपणे माना हलवतात. “आणि एकूण किती जाणार?” असं विचारणारा पाहुणा मला अजून भेटलेला नाही. भेटलाच, तर त्याला आइस्क्रीम न देताच वाटेला लावतील.

या न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर घरातच असतं. कपाटात, खरेदीखताच्या फायलीच्या तळाशी, परतफेडीचं एक कोष्टक पडलेलं असतं. वीस वर्षांचं कर्ज असेल तर त्याच्या दोनशे चाळीस ओळी. समजा, २५ लाखांचं कर्ज साडेआठ टक्क्यांनी घेतलं, तर महिन्याचा हप्ता २१,६९६ रुपये येतो आणि वीस वर्षांत एकूण फेड होते सुमारे ५२ लाख ७ हजार. त्यात व्याज २७ लाख ७ हजार. म्हणजे आपण एक घर स्वतःला घेतो आणि त्याहून जरा ऐसपैस असं दुसरं बँकेला बांधून देतो. फक्त त्या दुसऱ्या घराच्या वास्तुशांतीला आपल्याला बोलावणं येत नाही. कोष्टकातली पहिलीच ओळ वाचण्यासारखी असते. २१,६९६ मधले १७,७०८ व्याजाला जातात आणि मुद्दलातून उतरतात ३,९८८. पहिल्या महिन्याच्या साऱ्या ओढाताणीतून आपल्या मालकीचं काय झालं म्हणावं, तर दाराची कडी, बिजागऱ्या आणि फार तर चौकटीवरची गणपतीची फरशी.

मिरजेत अब्दुल करीम खाँच्या स्मरणार्थ दर्ग्यात रात्र रात्र गाणं चालतं. तिथं एखादा बुजुर्ग गवई विलंबित ख्याल असा काही मांडून बसतो, की नवख्या श्रोत्याला वाटावं, हा समेवर येणार तरी केव्हा? मुद्दल अगदी तसंच चालतं. वर्षानुवर्षं ते एकेका सुराभोवती रेंगाळत राहतं, आणि अकरा वर्षं दहा महिने झाल्यावर कुठे त्याला द्रुत लय सापडते. त्या महिन्यापासून हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होऊ लागतो. दहा वर्षं पुरी होतात तेव्हा आपण २६ लाख भरलेले असतात, म्हणजे घेतले त्याहून लाखभर जास्तच. आणि तरी देणं उरलेलं असतं साडेसतरा लाख. काळ अर्धा सरलेला आणि घराचे दहातले सात भाग अजून बँकेचे. निम्मं मुद्दल फिटायला तेरा वर्षं दहा महिने लागतात. तोवर ज्या मुलीच्या नावानं घराला ‘सई’ म्हटलं, ती दहावीच्या क्लासला जाऊ लागलेली असते. माझ्या मते त्या महिन्यात गुरुजींना पुन्हा बोलावून अर्ध्या घराची वास्तुशांत करायला हरकत नाही. पूजा कुठल्या अर्ध्यात मांडायची, एवढाच काय तो वाद होईल.

हा वाद आमच्या घरी खरोखरच होत असे. माझे वडील, अण्णा, प्राथमिक शिक्षक. साताऱ्यातल्या आमच्या घराचं कर्ज सोसायटीचं; त्याचा हप्ता पगारातूनच कापून जायचा, आणि उरलेला पगार आईच्या हाती देताना अण्णा घराचा कुठला भाग फिटला ते जाहीर करायचे. जोतं फिटलं, मग ओसरी फिटली, एका दिवाळीला अर्धा जिना फिटला. आम्ही भावंडांनी त्या फिटलेल्या पायऱ्यांवरच बसून फराळ खाल्ला. भिंतीवर रंगीत खडूनं कुणी रेघोट्या ओढल्या, तर आई दटावायची, “ती भिंत अजून सोसायटीची आहे, फिटली की खुशाल रंगव.” न्हाणीघर सगळ्यात शेवटी ठेवलं होतं, कारण अण्णांच्या मते सोसायटीच्या न्हाणीघरात अंघोळ करताना माणूस पाणी जपून वापरतो. लहानपणी मला हा नुसता खेळ वाटायचा. आज कळतं, की दोनशे चाळीस ओळींचं ओझं चार माणसांत वाटून हलकं करण्याची ती एका शिक्षकाची युक्ती होती.

आताच्या कोष्टकाला मात्र एक चंचलपणा आलेला आहे. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या नव्या बदलत्या दराच्या गृहकर्जांचं व्याज रेपो दरासारख्या बाहेरच्या दराशी बांधलं गेलं. रेपो दर चार टक्क्यांवर होता, तेव्हा घरं घेणाऱ्यांना आभाळ ठेंगणं झालं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात तोच दर साडेसहावर गेला. सात टक्क्यांनी नुकतंच २५ लाख घेतलेल्याचा हप्ता १९,३८२ रुपये. दर साडेनऊ झाला, की त्या महिन्याचं नुसतं व्याजच १९,७९२. म्हणजे जुनाच हप्ता भरत राहिलं, तर कर्ज फिटण्याऐवजी दर महिन्याला चारशे रुपयांनी वाढेल. घर फेडता फेडता ते हळूहळू परत देण्याचा हा प्रकार बहुतेकांच्या लक्षातही आला नसता, कारण त्यांचं लक्ष हप्त्यावर, आणि हप्ता तर तोच! रिझर्व्ह बँकेनं ऑगस्ट २०२३ मध्ये सांगितलं, की दर बदलला तर हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा. हप्त्यांच्या विश्रांतीचंही गणित असंच फसवं. २०२० साली टाळेबंदीत सहा महिने हप्ते थांबवायची सवलत मिळाली आणि ती अनेकांना खरोखरच आधार झाली. पण कर्ज अगदी नवं असेल आणि हप्ता न वाढवता मुदत वाढवली, तर सुरुवातीच्या सहा हप्त्यांच्या त्या विसाव्यापायी शेवटी सुमारे तीस हप्ते जास्तीचे बसतात. कोष्टकाच्या आरंभी घेतलेली डुलकी एवढी महाग असते.

वीस वर्षं म्हणजे किती, याचा अंदाज माणसांना नसतोच. बँकांनाही असतो असं नाही. साताऱ्यात १९३६ साली युनायटेड वेस्टर्न बँक उभी राहिली, सांगलीत त्याआधीच, १९१६ मध्ये, सांगली बँक. दोन्ही गावांना आपापल्या बँकेचा, घरच्या कर्त्या माणसाचा असावा तसा भरवसा होता. २००६ मध्ये साताऱ्याची बँक आयडीबीआयमध्ये विलीन झाली, २००७ मध्ये सांगलीची आयसीआयसीआयमध्ये. पाटी बदलली, पासबुकाचा रंग बदलला, काउंटरपलीकडून “काय वहिनी, बऱ्या आहात ना?” असं विचारणारे चेहरे निवृत्त झाले. हप्ता तेवढा राहिला. नव्या मालकाच्या घरीही तो ठरल्या तारखेला, वाट न चुकता जात राहिला. पुराचंही त्याला काही नसतं. २०१९ च्या ऑगस्टमध्ये कृष्णा सांगलीच्या आयर्विन पुलापाशी ५७ फुटांच्या वर गेली, तळमजल्यांच्या छताला पाणी लागलं. माणसं गच्चीवरून बोटीत उतरली आणि नंतर कित्येक दिवस घरातला गाळ उपसत बसली. त्या बुडालेल्या घरांपैकी किती तरी घरं अजून फिटायची होती. बँकेच्या अर्ध्या घरातला गाळही आपणच काढायचा असतो.

‘एकूण किती?’ हा प्रश्न या भागाला मुळीच नवा नाही. १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्यापासून शेतकऱ्यांचे दंगे पेटले आणि पुणे-नगरच्या गावांत पसरले. सप्टेंबरमध्ये ते लोण शिराळ्याकडच्या कोकरूडलाही पोचलं, जे तेव्हा सातारा जिल्ह्यात होतं आणि आज सांगलीत आहे. जमाव बहुतेक ठिकाणी सावकाराच्या जिवावर उठला नव्हता, त्याला हवे होते कर्जरोखे आणि वह्या. ज्या कागदात आपला जन्म अडकलाय आणि जो आपल्याला वाचता येत नाही, तो कागद त्यांनी जाळला. मग १८७९ मध्ये पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांसाठी शेतकऱ्यांच्या मदतीचा कायदा आला. त्यानं न्यायालयांना रोख्याच्या मागे जाऊन सारा हिशेब मुळापासून तपासायची मुभा दिली. शेतकऱ्याला पैसे भरल्याची लेखी पावती आणि वर्षाकाठी हिशेबाचा उतारा मागण्याचा हक्क मिळाला. व्याज एका वेळी मुद्दलाहून जास्त वसूल करू नये, हा दामदुपटीचा जुना नियमही मुंबई इलाख्यातली न्यायालयं हिंदू ऋणकोंच्या बाबतीत मानत असत. आपल्या कोष्टकातल्या २७ लाखांना हा नियम शिवतसुद्धा नाही. ते व्याज एका वेळी कधी साठतच नाही. दर महिन्याला पाऊल न वाजवता येतं आणि जातं.

एवढं सगळं लिहून मला कुणाला कर्जापासून परावृत्त करायचं नाही. कोष्टक एक गोष्ट सांगत नाही, ती म्हणजे काळाबरोबर रुपयाही बारीक होत जातो. अण्णांचा हप्ता सुरुवातीला पगाराचा मोठा लचका तोडायचा; त्यापायी आईनं कितीतरी सणांना नवी साडी घेतली नाही. शेवटी शेवटी तोच हप्ता इतका किरकोळ झाला होता, की अण्णांना त्याची दया यायची. भाडं वाचलं, घरमालकाची कटकट वाचली, पावसाळ्यात बिऱ्हाड हलवणं वाचलं. शिवाय आमच्या लग्नांचे मांडव त्याच दारात पडले, याची किंमत कुठल्या रकान्यात मांडणार? शेवटचा हप्ता गेला त्या महिन्यात अण्णांनी न्हाणीघर फिटल्याचं जाहीर केलं, आणि आई पदरानं हात पुसत, उगीचच, साऱ्या घरातून एकदा फिरून आली. मुलं तोवर मोठी होऊन आपापल्या गावी गेली होती. भिंती रंगवायला आता खुशाल परवानगी होती आणि रेघोट्या ओढणारं कुणी नव्हतं. व्याजाचा खरा आकडा मला तिथे दिसतो. तो रुपयांत नसतो, वर्षांत असतो; आणि म्हणूनच त्यातली जी वर्षं वाचवता येतात, ती वाचवावीत असं वाटतं.

ती वाचवता येतात, हे मात्र नक्की. तेच २५ लाख वीसऐवजी पंधरा वर्षांत फेडायचे ठरवले, तर हप्ता साधारण २,९०० रुपयांनी वाढतो आणि व्याज पावणेआठ लाखांनी घटतं. तेवढं झेपत नसेल, तर बोनसच्या किंवा ऊसबिलाच्या पैशांतून वर्षाला एकच जादा हप्ता भरावा. वीस वर्षांतली तीनहून अधिक वर्षं गळून पडतात आणि पाच लाखांच्या आसपास व्याज वाचतं. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याबद्दल बँकेला दंड घेता येत नाही. आणि १ ऑक्टोबर २०२४ पासून बँकेनं नवं कर्ज देताना सगळ्या शुल्कांसकट वर्षाचा खरा दर आणि परतफेडीचं कोष्टक, कर्जदाराला समजेल अशा भाषेत, एका पत्रकात लिहून द्यायचं आहे. ज्या न वाचता येणाऱ्या हिशेबाच्या या मुलखातल्या माणसांनी एकेकाळी वह्या जाळल्या, तो आज आपल्याला मागायच्या आधी मिळतो, आणि आपण त्यावर दाखवलेल्या जागी सही करून मोकळे होतो. तेव्हा सहीच्या दिवशी बँकेतल्या साहेबांना पाच मिनिटं थांबवा, तेवढं पत्रक शेवटच्या ओळीपर्यंत वाचा, आणि हप्ता विचारून झाला असेल तर एकूणही विचारा.