रामही तेच, सीताही तेच

"अहो वहिनी, या की जरा कुंपणापाशी. काल सूनबाईनं काय दाखवलं सांगू? दादासाहेब फाळक्यांचा सिनेमा 'लंकादहन', १९१७ सालचा. त्यातला राम आणि सीता एकच माणूस!"

"काहीतरीच काय काकू!"

"देवाशपथ. अण्णा साळुंके. रामही तेच, सीताही तेच. सीतेचे दंड बघाल तर रावणानं पळवायच्या आधी दहादा विचार करावा."

"कुठले हो हे?"

"ग्रँट रोडच्या एका हॉटेलात कामाला होते म्हणे. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'ला तारामती मिळेना. नाचगाण्यातल्या बायकांकडेही विचारून झालं, त्याही सगळ्या नको म्हणाल्या. शेवटी फाळक्यांची नजर साळुंक्यांवर गेली. १९१३ साली मे महिन्यात गिरगावात कोरोनेशन थिएटरात लोकांनी हीच तारामती डोळे भरून पाहिली."

"पण फाळक्यांच्या बायकोनं, सरस्वतीबाईंनी करायची होती की."

"त्यांना वेळ कुठला? दागिने गहाण पडलेले, सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्यांच्याकडे, वर रात्री अंधारात बसून कोऱ्या फिल्मला कडेनं भोकं पाडायची. मला विचाराल तर त्या सिनेमात मला सरस्वतीबाईच दिसतात. पडद्यावर देव प्रकट करणं त्यामानानं सोपं. हँडल फिरवायचं थांबवायचं, बाकीच्यांनी पुतळ्यासारखं उभं राहायचं, देवानं गुपचूप चालत येऊन जागेवर उभं राहायचं, की पुन्हा हँडल. फाळके आधी जादूचे प्रयोग करायचे, नाव उलटं करून 'केळफा' म्हणून. हात तयारच."

"लोकांना कळत नसे?"

"कळो न कळो, पडद्यावर राम आला की चपला काढून हात जोडायचे."

"साळुंक्यांपुढे?"

"हो ना! आणि गंमत ऐका. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये १९१३लाच दोन बायका मिळाल्या होत्या, दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई. नट विक्रम गोखल्यांची आजी ती. आई पार्वती, लेक मोहिनी."

"मग सतरा साली पुन्हा साळुंकेच सीता?"

"तेच तर! बाया मिळायला लागल्यावरही. लोकांना आवडलेलं रूप बदलायचं कशाला, असंच असेल. पण १९१९च्या 'कालियामर्दन'ला बाळकृष्ण कोण, तर फाळक्यांची लेक मंदाकिनी. सात वर्षांची मुलगी, नागाच्या फण्यावर नाचते."

"म्हणजे पुरुष सीता आणि मुलगी कृष्ण!"

"आणि साळुंके पुढे कॅमेऱ्यामागे गेले."