चौथा अर्थ

शेजारी नात झाली आणि आमच्या आळीत नावांचा पाऊस सुरू झाला. दहाव्या दिवशी संध्याकाळी बाळाचा बाप दारात उभा. म्हणाला, "काका, नाव ठरलं. इरा. आता अर्थ तेवढा द्या, बारशाच्या पत्रिकेत छापायचाय."

म्हणजे आधी नाव, मग अर्थ. पूर्वी हा प्रश्न नव्हता. आजीचं नाव नातीला मिळायचं आणि अर्थ आजीकडे बघून कळायचा. हल्ली नाव दोन अक्षरी हवं, वर्गात दुसऱ्या कुणाचं नको, परदेशातल्या काकाच्या शेजाऱ्याला उच्चारता यायला हवं आणि एवढं करून ते संस्कृतही हवं. मोबाईलला अर्थ विचारावा, तर निम्म्या नावांचा लक्ष्मी निघतो आणि उरलेल्यांचा दुर्गा. याला खात्री हवी होती, म्हणून हा कोश असलेल्या घरी आला.

माझ्याकडे वडिलांचा अमरकोश आहे. वाळवीनं पहिली काही पानं अभ्यासली आहेत, पण एका शब्दाचे अनेक अर्थ सांगणारा नानार्थवर्ग शाबूत आहे. अमरसिंह मोठा काटकसरी माणूस. इरा या शब्दाचे चार अर्थ त्यानं अर्ध्या ओळीत बसवलेत. मी ओळीवर बोट ठेवून वाचू लागलो.

"भू, म्हणजे पृथ्वी. वाक्, म्हणजे वाणी." इथे मला खोकला आला. "आणि अप्, म्हणजे पाणी."

"हे तीन झाले. तुम्ही आत्ताच चार म्हणालात." पोरगा कॉम्प्युटरवाला, मोजणीत सापडायचा नाही.

"चौथा सुरा."

"म्हणजे देव?"

"देव म्हणजे सुर. सुरा म्हणजे... संध्याकाळची."

तो मटकन खुर्चीत बसला. मी त्याची समजूत घालायला लागलो. म्हटलं, अरे, चारही अर्थ आपल्या रत्नागिरीचेच आहेत. पृथ्वी म्हणशील तर ही जांभ्याची तांबडी माती. एकदा कपड्याला लागली की धोब्यालाही दाद देत नाही. पाणी तीन बाजूंना, शिवाय पावसाळ्यात वरूनही. वाणीचं काय सांगू? पु. लं.ना अंतू बर्वा इथेच भेटला. आणि चौथा अर्थ माडावर मडकं बांधून राजरोस लटकलेला असतो. त्याला आपण माडी म्हणतो. भेर्ल्या माडाला तर सुरमाडच म्हणतात. संस्कृतातली सुरा सरळ झाडावर चढून बसलीय.

त्याचा चेहरा काही उजळेना. मग मी इरेचं गोत्र काढलं. इरा, म्हणजे पाणी, जिच्यात आहे ती इरावती. इरावान म्हणजे समुद्र, आणि त्यातून निघाला तो ऐरावत. ब्रह्मदेशातल्या मोठ्या नदीचं नावही याच कुळातलं. १८८५ च्या नोव्हेंबरात इंग्रजांनी थिबा राजाला मंडालेहून आगबोटीत बसवलं ते याच नदीवर. रंगून, मद्रास करत १८८६ साली त्याला रत्नागिरीत आणून ठेवलं. १९१० मध्ये त्याच्यासाठी राजवाडा उठला आणि १९१६ मध्ये राजा इथेच गेला. वाड्यातून त्याला भाट्याची खाडी दिसायची. इरावतीच्या काठी वाढलेल्या माणसाला आमची काजळी नदी केवढीशी वाटली असेल! त्याच काळात रत्नागिरीत जन्मलेले टिळक १९०८ ते १९१४ मंडालेच्या तुरुंगात होते. आपलं माणूस त्यांच्या नदीकाठी, त्यांचा राजा आपल्या खाडीकाठी. साहेबाचा हिशेब चोख.

"आणि इरावती कर्वे," मी म्हटलं. "त्या १९०५ साली ब्रह्मदेशात जन्मल्या. नाव त्या नदीवरूनच ठेवलं. लग्न होऊन सून झाल्या त्या महर्षी कर्व्यांच्या, म्हणजे आपल्याच जिल्ह्यातल्या मुरुडकरांच्या. 'युगान्त' त्यांचंच."

वास्तविक शास्त्राप्रमाणे हे लग्न व्हायलाच नको होतं. मनुस्मृतीचा दुसरा अध्याय सांगतो की मुलीचं नाव उच्चारायला सोपं, कानाला गोड, मंगल, दीर्घ स्वरानं संपणारं आणि स्पष्ट अर्थाचं असावं. इरा इथवर पास. फक्त अर्थ जरा जास्तच स्पष्ट निघाला. पण तिसऱ्या अध्यायात मनु म्हणतो, नक्षत्राचं, झाडाचं, नदीचं नाव असलेली मुलगी करू नये. हा नियम कोकणानं पाळला असता तर गंगा, यमुना, गोदावरी, रोहिणी, रेवती, तुळशी सगळ्या माहेरीच राहिल्या असत्या आणि आपण कुणीच जन्मलो नसतो. धर्मशास्त्राच्या इतिहासाचे पाच खंड लिहिणारे भारतरत्न पां. वा. काणे आपल्या चिपळूणजवळचे. शास्त्र त्यांनी लिहावं, आणि मुलींची नावं नद्यांवरून आपण ठेवावीत, अशी या जिल्ह्यात वाटणी झालेली आहे.

एवढ्यात त्याची आजी काठी टेकत त्याला शोधत आली. वय नव्वदीकडे झुकलेलं, कान मात्र हवं तेवढं ऐकणारे.

"काय नाव म्हणालास? इरलं?"

"इरा गं, आजी."

"इरलं चांगलं होतं. लावणीला डोक्यावर इरलं घेऊन दिवसदिवस चिखलात वाकायचो आम्ही. पाठीला थेंब लागत नसे. आता तुमचं प्लास्टिक आलं." मग जरा विचार करून म्हणाली, "पण रडते कशी बघितलीस? इरेला पेटली की घर डोक्यावर घेते. इरसाल आहे. ठेव, इराच ठेव."

अमरसिंहाला न सुचलेले तीन अर्थ म्हातारीनं उभ्या उभ्या दिले. एकही संस्कृत नसेल, पण पोरीला पाहून दिलेले तेवढेच.

नातवानं चाचरत चौथ्या अर्थाची अडचण तिच्या कानावर घातली. आजी हसायला लागली. "सुरा ना? अरे, तुझ्या लग्नात भटजींनी मंगलाष्टकात खड्या आवाजात म्हटली. चौदा रत्नांत चौथी. मी पुढच्याच रांगेत होते. तेव्हा टाकल्यात ना सगळ्यांनी अक्षता? मग आता कसली लाज?"

मी कोश मिटला. वर्षानुवर्षं लग्नांत मीही त्याच जागी अक्षता टाकत आलोय.

बाराव्या दिवशी बारसं झालं. पत्रिकेत छापलं होतं, 'इरा : पृथ्वी, वाणी, जल'. आत्यानं पाळण्यात वाकून कानात कुर्रर्र केलं आणि पाठीत धपाटे खाल्ले. बाळानं तिन्ही अर्थांकडे दुर्लक्ष करून भोकाड पसरलं. आजी समाधानानं म्हणाली, "बघ, पेटली इरेला."

घुगऱ्यांची वाटी हातात देताना बाळाचे आतोबा माझ्या कानाशी लागले. "चौथ्या अर्थाची सोय माडीवर आहे, काका."

मी मान वर करून जिना शोधू लागलो. शेजाऱ्यांचं घर बैठं आहे, हे लक्षात यायला मला घुगऱ्या संपेपर्यंत वेळ लागला.