चार आण्यांचे चित्र

७ नोव्हेंबर २०२४ रोजी 'प्लेस्टेशन ५ प्रो' हे खेळयंत्र बाजारात आणून सोनीने अंदाजपंचे या आपल्या जुन्या शास्त्राला राजमान्यता मिळवून दिली, याबद्दल कंपनीचे जाहीर अभिनंदन. फोर-के पडद्यावर सुमारे ८३ लाख ठिपके असतात. १०८०पी चित्रात जेमतेम २१ लाख. म्हणजे काही खेळांत यंत्राने चार आण्यांचे चित्र काढायचे आणि उरलेले बारा आणे 'पीएसएसआर' नावाच्या प्रणालीने भरायचे. ती मागच्या फ्रेम चाळते, शिकवणीतले आठवते आणि गवताचे पाते ठोकून देते. कधी पाते थरथरते, कधी जाळीचे कुंपण उगाच चमचमते. एवढ्या मोठ्या कार्यात इकडेतिकडे व्हायचेच.

हे तत्त्व परीक्षा मंडळांनीही तातडीने स्वीकारावे. विद्यार्थ्याने चारातला एक प्रश्न सोडवावा. बाकीची उत्तरे परीक्षकाने मागच्या वर्षीच्या उत्तरपत्रिका पाहून कल्पावीत.

ग्राहक म्हणून आम्हीही मागे हटणार नाही. बाजारात आले तेव्हा या यंत्राची अमेरिकेतली किंमत ६९९.९९ डॉलर होती. आम्ही १७५ रोख मोजू, उरलेले ५२५ कंपनीने अंदाजाने पाहावेत. सोफ्यावरून फरक कळत नाही.

डिस्क ड्राइव्ह मात्र अंदाजाने भरता येत नाही. तो वेगळे पैसे मोजून घ्यावा लागतो.