जाळ निघाला का?

अण्णांच्या आधी त्यांचा ट्रे घरात येतो. मिनेसोटातला जानेवारी, बाहेर उणे वीस, यजमानीणबाईंनी दार जेमतेम किलकिलं केलेलं, आणि त्या फटीतून फॉइलने मढवलेला तेरा बाय नऊ इंची काचेचा ट्रे आत सरकतो. मागून दोन हातमोजे, आणि सगळ्यात शेवटी अण्णा. "वहिनी, ओव्हन लावा. साडेतीनशेवर." रामराम, ख्यालीखुशाली, बूट काढणं वगैरे किरकोळ गोष्टी त्यानंतर.

अमेरिकेत कुठल्याही गावी राहत असाल तर हे गृहस्थ तुमच्या ओळखीचे आहेतच. कुठे ते अंगणात बार्बेक्यूचा धूर काढतात, कुठे परसात पिझ्झाची भट्टी बांधतात. आमच्या वाट्याला बटाटा आणि हॅमचं चीज घातलेलं झणझणीत कॅसरोल करणारे आले. आमचे अण्णा कोल्हापूरचे. हे मी सांगण्याची गरज नाही, ते स्वतःच दर पाच मिनिटांनी सांगतात.

ट्रे टेबलावर ठेवला की माणसाने बाजूला व्हावं. अण्णा होत नाहीत. हातात डाव घेऊन ते ट्रेच्या डाव्या अंगाला उभे राहतात, स्वतःच वाढतात आणि मग तुमच्या तोंडाकडे बघत राहतात. पहिला घास. दुसरा घास. अण्णा वाकून तुमच्या कपाळाची पाहणी करतात.

"जाळ निघाला का?"

या प्रश्नाला सुरक्षित उत्तर नाही. "हो" म्हटलं तर "मग घाम कुठंय?" अशी उलटतपासणी होते. "नाही" म्हटलं तर पुढच्या महिन्याच्या ट्रेमध्ये चटणी दुप्पट पडते आणि तिची जबाबदारी तुमच्यावर येते. आमच्यातला एक हुशार मुलगा घास तोंडात जायच्या आधीच खोकायला लागतो. त्याच्यावर अण्णांचा फार जीव आहे. माझ्यावर नाही, कारण मी पुण्याचा. "तुमची जीभ गुळाची," हे ते मला उद्देशून म्हणत नाहीत, माझी इतरांशी ओळख करून देताना म्हणतात.

चटणी म्हणजे कांदा-लसूण चटणी. बाकीचा महाराष्ट्र तिला मसाला म्हणतो, पण ते अण्णांसमोर म्हणू नये. रंगाला ब्याडगी, तिखटाला संकेश्वरी, शिवाय भाजलेलं खोबरं, तीळ, धणे, लसूण, तळलेला कांदा. उन्हाळ्यात कुटून वर्षभर पुरवायची. हॅलापेन्यो या मिरचीला अण्णा मिरची मानत नाहीत. "ती भाजी हाय, मर्दा. भरून खायाची."

कृती मला तोंडपाठ आहे, कारण ऐकण्यातून सुटका नाही. सालं काढलेल्या रसेट बटाट्याच्या पातळ चकत्या, मधूनमधून ईस्टरच्या सेलमधल्या हॅमचे तुकडे. लोण्यात मैदा परतायचा, दूध घालून दाट करायचं, आच बंद करायची आणि मगच चीज घालायचं, नाहीतर ते फाटून तेल सोडतं. चीज विटेतून स्वतः किसायचं. पाकिटातल्या तयार किसाला तो चिकटू नये म्हणून स्टार्च नाहीतर सेल्युलोज चोळलेलं असतं, त्यामुळे ते नीट वितळत नाही. इथपर्यंत अण्णा एखाद्या शांत, समंजस अमेरिकन आजीसारखे असतात. मग लोणी परत तापतं, त्यात चटणी पडते, स्वयंपाकघरातली धूर-घंटा वाजायला लागते, काकी, म्हणजे अण्णांच्या पत्नी, मुकाट्याने खिडकी उघडतात. तो लाल कट पांढऱ्या सॉसवर ओतला की अण्णा मागे सरकून म्हणतात, "बघा. तांबडा आणि पांढरा, एकाच ट्रेत."

आता खरं दुखणं असं की हा पदार्थ अण्णांच्या विरोधात आहे. मिरचीचा जाळ ज्या कॅप्सेसिनमुळे होतो ते पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळतं. आणि दुधातलं केसीन नावाचं प्रथिन ते जिभेवरून धुऊन नेतं. म्हणजे अण्णा वरून आग लावतात आणि खालून चीज, दूध, लोणी मिळून ती विझवतात. चटणी वाढवली की सॉस कडवट आणि पातळ होतो, म्हणून अण्णा चीज वाढवतात. चीज वाढवलं की तिखट मरतं, म्हणून चटणी वाढवतात. गेली कित्येक वर्षं हे दोन्ही बाजूंनी चाललेलं आहे, आणि ट्रे आता एका माणसाला उचलवत नाही. "चीज गद्दार हाय," असं अण्णा म्हणतात. मग चीज घालू नका, असं काकींनी एकदाच सुचवलं. त्याच दमात त्यांनी हेही सांगून टाकलं की हॅम मुळातच खारवलेलं असतं, वरून मूठभर मीठ कशाला? अण्णांनी दोन्ही सूचना फेटाळल्या. कोल्हापुरात मिठावर चर्चा होत नसते.

२०२१ साली वैद्यकाचं नोबेल डेव्हिड ज्युलियस यांना विभागून मिळालं. शरीराला उष्णता कशी कळते, हे त्यांनी कॅप्सेसिनच्या मदतीने शोधलं होतं. मिरची आणि चटका नसेच्या एकाच दारातून आत शिरतात. अण्णांना ही बातमी कळली तो दिवस आम्ही विसरणार नाही. जणू गडहिंग्लजच्या मिरची बाजाराला स्टॉकहोमहून तार आली होती. त्या वर्षीच्या कोजागिरीला मसाला दूध कोपऱ्यात राहिलं आणि चंद्राला ट्रेचा नैवेद्य झाला. "शास्त्रज्ञानं इचारलं, जाळ निघाला का? त्याला नोबेल दिलं. मी इचारतो तर तुम्ही तोंड फिरवता."

आणि राहतात कुठे? मिनेसोटात. स्कँडिनेव्हियन आणि जर्मन पूर्वजांच्या या राज्यात बटाटा, मांस आणि घट्ट सूप एका भांड्यात भाजलं की त्याला हॉटडिश म्हणतात. तिची छापील कृती १९३० साली मँकेटो गावच्या ग्रेस लुथरन चर्चच्या बायकांनी काढलेल्या पुस्तकात सापडते, आणि तिच्यात मिरचीचा म कुठे आढळत नाही. २०२४च्या निवडणुकीत इथले गव्हर्नर टिम वॉल्झ उपाध्यक्षपदाला उभे होते. हॉटडिशच्या स्पर्धा जिंकलेला हा माणूस कमला हॅरिस यांच्याबरोबरच्या गप्पांत हसत हसत म्हणाला की मिनेसोटात तिखटाची हद्द काळ्या मिरीपाशी संपते. देशभर लोक हसले. अण्णा उठून उभे राहिले. त्यांना कुणीतरी तालमीतून आव्हान दिल्यासारखं वाटलं असावं. वॉल्झना घरी जेवायला बोलवायचं त्यांनी ठरवलं होतं. काकींनी पत्ता शोधू दिला नाही.

आमच्या मराठी मंडळाचं राजकारण वेगळंच. गणपतीत हॅम चालत नाही, ते अण्णांना मान्य. मग बिनहॅमचा ट्रे आणायचं ठरलं. पण नैवेद्याच्या टेबलावर कांदा-लसूणही चालत नाही, म्हणजे चटणीही बाद. त्या वर्षी अण्णा नुसता बटाटा आणि चीज घेऊन आले. ट्रे ठेवला आणि लांब जाऊन, भिंतीला टेकून उभे राहिले. कुणालाही काही विचारलं नाही. मुलांनी तो ट्रे अर्ध्या तासात फस्त केला. सेक्रेटरींनी जाहीर कौतुक केलं, "अण्णांचा आजवरचा सर्वोत्तम पदार्थ!" अण्णांनी सेक्रेटरींशी दिवाळीपर्यंत बोलणं टाकलं.

हे सगळं आलं कुठून, हा प्रश्न मला कधी पडला नाही. काही माणसं अशीच असतात, एवढ्यावर मी भागवत होतो. काकींनीच एकदा भांडी विसळताना सांगितलं, तेही तो ट्रे घासायला माझ्या हातात देऊन.

तो ट्रे अण्णांचा नाही. शेजारच्या आजींचा आहे.

२०२०च्या मे महिन्यात कोल्हापुरात अण्णांची आई गेली. मार्चपासून भारतात जाणारी नेहमीची विमानं बंद. पंचगंगेकाठचा विधी अण्णांनी फोनवर पाहिला, मध्येच नेटवर्क गेलं, मग परत आलं तोवर माणसं परतीला लागली होती. आपल्याकडे असं झालं की त्या घरात चूल पेटत नाही, शेजारपाजारचे पिठलं-भाकरी घेऊन येतात, कडू घास भरवतात. इथे कोण येणार, तेही त्या दिवसांत? संध्याकाळी दाराची घंटा वाजली. उघडलं तर पायरीवर फॉइल लावलेला ट्रे आणि पार अंगणाच्या टोकाला, मास्क लावून, काठी टेकून शेजारच्या लुथरन आजी. हात हलवला आणि गेल्या. या राज्यात मयताच्या घरी ट्रेच येतो, हे अण्णांना तोवर ठाऊक नव्हतं.

आत बटाटा, चीज आणि हॅम. सुतकात! काकींनी ट्रे ओट्यावर ठेवला आणि काय करावं ते त्यांना कळेना. अण्णा उठले, फळीवरून आईने पाठवलेली चटणीची शेवटची पिशवी काढली, चिमूटभर ट्रेवर भुरभुरली आणि उभ्याउभ्याच खायला लागले. काकी म्हणतात, बराच वेळ खात होते.

ट्रे परत करायला गेले तर आजी म्हणाल्या, राहू दे. वर कृतीही दिली, कार्डावर लिहून. तेव्हापासून हा त्रास आमच्या मागे लागला. अण्णांची आताची चटणी बहीण कोल्हापुरात करते. ती आईच्या चटणीइतकी होत नाही, असं अण्णा कधी बोलून दाखवत नाहीत, फक्त दर वेळी जास्त घालतात. एवढं कळूनही मी त्यांना पूर्ण माफ केलेलं नाही. माझ्या पोटाचेही काही हक्क आहेत.

गेल्या हिवाळ्यात आजींचे यजमान गेले. चर्चच्या तळघरात लांब टेबलं मांडली होती, पांढरे कागद अंथरलेले, पिवळट हॉटडिशांची रांग, जेली, पातळ कॉफी. अण्णा कोटबीट घालून ट्रे घेऊन आले. आम्ही शेजारधर्म म्हणून गेलो होतो, पण खरं सांगायचं तर धास्तीनेच गेलो होतो. ऐंशी वर्षांच्या दहा-बारा लुथरन बायका आणि कोल्हापूर. मी पाण्याचा जग हाताशी ओढून ठेवला.

फॉइल निघालं. ट्रे पांढराफटक होता. वर कॉर्नफ्लेक्सचा चुरा. चटणीचा ठिपकासुद्धा नाही. अण्णा डाव ठेवून बाजूला झाले, कुणाच्या तोंडाकडे बघितलं नाही, खुर्चीवर जाऊन हात मांडीवर ठेवून बसले. बायकांनी पुन्हा पुन्हा वाढून घेतलं. आजींनी एक घास खाल्ला, चमचा ठेवला आणि खणखणीत आवाजात विचारलं, "तुझी ती लाल पूड कुठे आहे?"

अण्णांनी कोटाच्या आतल्या खिशातून डबी काढली. म्हणजे ती होतीच. आजींनी बोटभर थर दिला, खाल्ला, नाक पुसलं, परत खाल्ला. अण्णा खुर्चीच्या कडेला आले होते. त्यांचे ओठ हलायला लागलेले मी बघितले, काकींनी टेबलाखालून त्यांच्या बुटावर बूट ठेवलेलाही बघितला. पण आजी आधी बोलल्या.

"तिखट ठीक आहे. मीठ फार झालंय."

काकींनी तेवढ्यात छताकडे बघून जे हात जोडले, ते दिवंगत यजमानांसाठी नव्हते. अण्णा आता हॅम रात्रभर पाण्यात भिजत घालतात, पाणी दोनदा बदलतात आणि ट्रेच्या डाव्या अंगाला उभे राहून तुमच्या तोंडाकडे बघत विचारतात, "मिठाचं काय?" परवा मी "बरोबर आहे" म्हणालो. "बरोबर म्हंजे कमी का जास्त?" म्हणून त्यांनी मला पुन्हा वाढलं.